वीरा साथीदार : ‘अव्यावसायिक’ कोण?

चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’ (२०१४) या चित्रपटात लोकशाहीर नारायण कांबळे वीरा साथीदार यांनी उभा केला. चित्रपटाला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, व्हेनिसला गौरव झाला. साथीदारांच्या वाट्याला मात्र ‘अव्यावसायिक नट’ हे बिरुद आले. माझा या शब्दालाच आक्षेप आहे.

साथीदार नागपूरचे, ‘विद्रोही’चे संपादक, आंबेडकरी चळवळीतले कार्यकर्ते. लोकांच्या डोळ्यांत बघत मंचावर गाणे ते कॅमेऱ्यासाठी शिकले नव्हते. त्यामागे जलशांची परंपरा आहे. आमच्या नाशिक जिल्ह्यातील देशवंडीचे वामनदादा कर्डक (१९२२–२००४) याच परंपरेतले. इथे कवी, गायक, नट आणि वक्ता एकाच देहात नांदतात. पिढ्यांची ही तालीम प्रस्थापित समीक्षेला तालीम वाटत नाही, कारण तिच्यापाशी प्रमाणपत्र नाही.

चित्रपटात आरोप असा, की कांबळेंचे गाणे ऐकून सफाई कामगार वासुदेव पवारने मॅनहोलमध्ये आत्महत्या केली. त्याच्या विधवेच्या साक्षीतून वेगळेच सत्य बाहेर येते. सुरक्षेची साधने नाहीत. आत खडा टाकायचा, झुरळ बाहेर आले तर प्राणवायू आहे असे समजायचे. माणसाला गटारात उतरवणारी व्यवस्था मोकळी राहते आणि आरोपीच्या पिंजऱ्यात गाणे उभे केले जाते.

साथीदारांचा कांबळे दयेची याचना करीत नाही. मंचावर पेटणारा हा माणूस न्यायालयात थंड, जवळजवळ कंटाळलेला असतो. असे खटले त्याला नवे नाहीत. एकाच देहाची ही दोन रूपे सांभाळणे म्हणजे नुसते ‘स्वतःसारखे वागणे’ नव्हे. तो अभिनय आहे.

माझी तक्रार चित्रपटाशीही आहे. दोन्ही वकिलांची घरे, जेवणे, करमणूक आपण पाहतो. शाहिराचे जगणे मात्र सुरुवातीच्या शिकवणीच्या प्रसंगाखेरीज फारसे दिसत नाही. शेवटी तर कॅमेरा त्याला सोडून न्यायाधीशाच्या सहलीला जातो. मध्यमवर्गाची बेफिकिरी त्यातून नेमकी कळते; पण ज्याच्या गाण्यावर हे सारे उभे आहे, तो दूरचाच राहतो.

१३ एप्रिल २०२१ रोजी, आंबेडकर जयंतीच्या आदल्या दिवशी, कोरोनाने साथीदार गेले. गंगापूर रोडवरच्या आम्हा शिक्षकांना माझे सांगणे एवढेच : आपल्या महाविद्यालयांत ‘कोर्ट’ दाखवाल तेव्हा आधी जिल्ह्यातल्या एखाद्या शाहिराला मंच द्या, आणि मानधनही द्या. शाहिरी हे काम आहे. त्याचे मोल देण्यापासूनच आपली समीक्षा सुरू झाली पाहिजे.