गोठलेल्या ताऱ्याचा काळ

कालभेदाची कल्पना भारतीय वाचकाला नवी नाही. ककुद्मी राजा कन्या रेवतीसह ब्रह्मलोकी जातो, तेथील गायन संपेपर्यंत थांबतो आणि तेवढ्या अवधीत पृथ्वीवर युगे उलटतात. या आख्यानात काळाची हानी प्रवाशाच्या वाट्याला येते. मागे राहिलेल्यांकडे पुराणकार वळून पाहत नाही. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील अमेरिकन विज्ञानकथेत याच्या उलट घडलेले दिसते. तेथे स्फोटानंतर कोसळणारा तारा हे कालभेदाचे स्थान ठरते, आणि कथा सांगितली जाते ती दूर, सुरक्षित उरलेल्या माणसाची.

याचे बीज शास्त्रात आहे. ओपेनहायमर आणि स्नायडर यांनी १९३९ साली दाखवून दिले की, कोसळणाऱ्या ताऱ्याबरोबर जाणाऱ्यासाठी पतन मोजक्या काळात पूर्ण होते. दूरच्या निरीक्षकाला मात्र ते मंदावत जाऊन थबकल्यासारखे दिसते. सोव्हिएत शास्त्रज्ञ अशा ताऱ्याला ‘गोठलेला तारा’ म्हणत. मराठीत रुळलेला शब्द ‘कृष्णविवर’. जयंत नारळीकरांनी १९७४ साली नारायण विनायक जगताप या टोपणनावाने मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेसाठी लिहिलेल्या कथेचे शीर्षकही हेच होते.

पॉल अँडरसन यांच्या ‘किरिए’ (१९६८) या कथेत ‘रेव्हन’ हे यान स्फोट झालेल्या ताऱ्याच्या अभ्यासासाठी निघते. यानावरील एलॉइज वॅगनर हिला परचित्तज्ञानाची शक्ती आहे. माणसांत एकाकी असलेल्या या स्त्रीचे मन जडले आहे ते ल्युसिफर या तेजोमय, देहहीन जिवाशी. यान संकटात सापडते, ल्युसिफर ते वाचवतो आणि स्वतः ताऱ्यात ओढला जातो. काळ तेथे थिजल्यामुळे त्याचा मृत्यू एलॉइजच्या मनात संपतच नाही. ती चंद्रावरील मठात आश्रय घेते. शीर्षकातील ग्रीक प्रार्थनाशब्द देवाची करुणा भाकणारा आहे आणि कथेत करुणेचीच वाण आहे.

कथा विलक्षण परिणामकारक आहे. तरीही तिचा तारा अर्धाच शास्त्रीय आहे, हे नोंदवले पाहिजे. पतन थबकलेले दिसते हे खरे, पण तेथून येणारा प्रकाश तांबडा होत, क्षीण होत, सेकंदाच्या अल्पांशात दिसेनासा होतो. ध्वनी असता तर तोही खर्जात उतरून विरला असता. अँडरसन यांनी थबकणे ठेवले आणि विरणे गाळले. परचित्तज्ञानाला अंतराचे बंधन नाही, पण काळाचे आहे, ही सोयही त्यांनी करून घेतली. निसर्ग शोकाला जी ओहोटी देतो, ती कथेने नाकारली. तिचे सामर्थ्य आणि तिचा अट्टहास दोन्ही येथेच आहेत.

फ्रेडरिक पोल यांच्या ‘गेटवे’ (१९७७) या कादंबरीत आक्रोश ऐकू येत नाही. रॉबिनेट ब्रॉडहेड कृष्णविवराच्या कचाट्यातून एकटाच सुटतो. त्याची प्रेयसी क्लारा आणि इतर सहकारी तेथेच राहतात, आणि मोहिमेचे सारे पारितोषिक याच्या पदरी पडते. श्रीमंत होऊन तो सिगफ्रिड या मनोविश्लेषक यंत्रासमोर वर्षानुवर्षे थट्टा, टाळाटाळ, संताप करीत बसतो. आपल्यासाठी वर्षे गेली, क्लारासाठी अजून तीच घटका चालू आहे आणि त्या घटकेत ती आपला द्वेष करीत असेल, ही जाणीव त्याला छळते. कोणताही संदेश येत नाही. यातना देते ते केवळ ज्ञान. म्हणूनच पोल यांचा तारा शास्त्राला अधिक धरून आहे आणि मानवी अनुभवालाही. एलॉइजचे दुःख निष्कलंक आहे. ब्रॉडहेडच्या दुःखात अपराध, लाभ आणि जगण्याची लाज यांची मिसळ आहे. म्हणून ते वाचकाला सहजी हाताबाहेर टाकता येत नाही.

अखेरीस सिगफ्रिड क्षमा करीत नाही, ती त्याच्या अधिकारात नाही. माणसाच्या जगण्याचा आपल्याला हेवा वाटतो, एवढेच ते सांगते. कादंबरी येथे थांबते तेच योग्य. ‘हीची राँदेव्हू’ (१९८४) या पुढील भागात पोल यांनी क्लाराला कृष्णविवरातून बाहेर आणले. कथानकाची सोय झाली, पण ब्रॉडहेडच्या त्या न संपणाऱ्या घटकेची धार गेली.