‘माजी’ गुन्हेगार कोण?

पाथर्डीच्या माझ्या एका विद्यार्थ्याने ग्रेगरी डेव्हिड रॉबर्ट्स यांची ‘शांताराम’ ही कादंबरी मला आणून दिली. “सर, गुन्हेगारानं स्वतः लिहिलंय. आपल्यात असं कुणी लिहिलंय का?” मी कपाटातून लक्ष्मण गायकवाडांचे ‘उचल्या’ काढून त्याच्या हाती ठेवले. दोन्ही पुस्तके शेजारी ठेवून वाचताना जे जाणवले ते येथे मांडतो.

रॉबर्ट्स हा ऑस्ट्रेलियन गोरा. हेरॉइनच्या व्यसनापायी त्याने दरोडे घातले. १९७८ साली शिक्षा झाली, १९८० साली तो मेलबर्नच्या पेंट्रिज तुरुंगातून भरदिवसा पळाला. मुंबईत झोपडपट्टीत राहिला, टोळीसाठी काम केले. १९९० साली हेरॉइनची तस्करी करताना फ्रँकफर्टला सापडला. उरलेली शिक्षा त्याने भोगली आणि २००३ साली ही नऊशेहून अधिक पानांची कादंबरी आली. जगाने त्याला ‘माजी तस्कर, आता लेखक’ म्हटले. ठीकच आहे. गुन्हा त्याने केला, शिक्षाही त्यानेच भोगली. त्या ‘माजी’ शब्दावर त्याचा हक्क आहे.

पण हा शब्द गायकवाडांच्या आजोबांना कोणी दिला होता काय? १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने जमातीच्या जमाती गुन्हेगार ठरवल्या. आधी शिक्का, मग हजेरी, मग पोलिसांचा मार, आणि कामधंदा कोणी देईना म्हणून चोरी, असा तो उलटा क्रम! ३१ ऑगस्ट १९५२ ला कायदा गेला, सराईत गुन्हेगारांचे कायदे मागे उरले. ‘उचल्या’तील पोराला मारून मारून तयार करतात ते खिसा कापण्यासाठी तर खरेच, पण पोलिसांच्या मारापुढे तोंड उघडू नये यासाठीही. असे शिक्षणशास्त्र रॉबर्ट्सच्या नऊशे पानांत नाही, असणारही नाही. त्याच्यासाठी गुन्हा हे साहस आहे, येथे तो पोटाचा वारसा आहे.

रॉबर्ट्सला मी खोटा म्हणत नाही. झोपडपट्टीतल्या माणसांवर त्याने जीव लावला आहे, आणि मराठी शिकण्याची त्याची धडपड आमच्या कित्येक पांढरपेशांना लाजवील अशी आहे. मात्र ज्या महाराष्ट्रातल्या खेड्यात त्याच्या नायकाला ‘शांताराम’ हे नाव मिळते, त्या खेड्याचा महारवाडा मला शोधूनही ठळक दिसला नाही. पाहुण्याला गाव गोडच लागतो! नाव बदलून माणूस नवा होतो, ही सोय पाहुण्याची. आमच्याकडे नावाआधी जात विचारतात.

‘उचल्या’लाही मी सूट देत नाही. उत्तरार्धात आत्मकथन चळवळीच्या अहवालाकडे झुकते. सूतगिरणीतला कामगार जितका जिवंत, तितका सभेतला कार्यकर्ता नाही. १९८८ साली त्याला साहित्य अकादमीचे पारितोषिक मिळाले तेव्हा प्रस्थापित समीक्षक ‘वेगळे अनुभवविश्व’ म्हणून मोकळे झाले. वेगळे कुणासाठी?

पंधरा दिवसांनी विद्यार्थी पुस्तक परत घेऊन आला. त्याचे आजोळ भटक्यांचे. मढीच्या कानिफनाथाच्या यात्रेत दरवर्षी त्यांची पाले पडतात. मी विचारले, कसे वाटले? तो म्हणाला, “सर, यात्रेत कुणाचं पाकीट गेलं की पोलीस आधी आमच्याच पालात शिरतात. मामानं उभ्या जन्मात चोरी केली नाही. त्याला काय म्हणायचं, माजी का आजी?”

मी ‘उचल्या’ त्यालाच ठेवायला सांगितले. मामाला वाचता येत नाही; तो वाचून दाखवणार आहे.