भिंतीवरचा कित्ता

न्यूयॉर्कच्या भिंतींवर आणि भुयारी रेल्वेच्या डब्यांवर १९७० च्या सुमारास जी अक्षरकला फोफावली, ती ‘ग्राफिटी’. उनाड पोरांची रंगफेक, अशी तिच्याविषयी सर्वसाधारण समजूत आहे. परंतु ही विद्या शिकावी कशी लागते, हे पाहिले म्हणजे निदान बेशिस्तीचा आरोप टिकत नाही.

पहिला धडा ‘टॅग’चा, म्हणजे आपले टोपणनाव एका दमात लिहिण्याचा. ‘न्यूयॉर्क टाइम्स’ने १९७१ साली ज्याची दखल घेतली, त्या ‘टाकी १८३’ची सारी कीर्ती अशा नुसत्या नावावर उभी होती. त्यानंतर ‘थ्रो-अप’, म्हणजे एकदोन रंगांतली झटपट फुगीर अक्षरे. आणि शेवटी ‘पीस’ हे पूर्ण चित्र. त्याचा आराखडा आधी वहीत होतो. भिंतीवर फिकट रेखाटन, मग भरणी, मग छाया आणि अखेरीस ठसठशीत बाह्यरेषा, असा क्रम असतो. फवाऱ्याचा डबा जवळ धरला तर रेषा बारीक व रेखीव येते, दूर धरला तर कडा विरतात. हात रेंगाळला की रंग ओघळतो. म्हणून लांब रेषा मनगटाने नव्हे, खांद्यापासून ओढावी लागते.

मार्था कूपर आणि हेन्री चॅलफंट यांचा ‘सबवे आर्ट’ हा छायाचित्रसंग्रह १९८४ साली निघाला आणि देशोदेशींच्या मुलांचा तो कित्ता झाला. पण छायाचित्रात तयार अक्षर दिसते, ते घडवणाऱ्या हाताची गती दिसत नाही. त्यामुळे पुष्कळांनी बाण आणि झळाळी तेवढी उचलली. अक्षराचा सांगाडा मात्र लुळाच राहिला. अलंकार काढून घेतल्यावर जे अक्षर उभे राहते, तेच खरे, ही माझ्या मते या कलेची कसोटी होय.

राहिला प्रश्न परक्या भिंतीचा. चोरून काढले म्हणून अक्षर कुरूप ठरत नाही, आणि सुंदर आहे म्हणून मालकाची तक्रार खोटी ठरत नाही. हे दोन निवाडे वेगळेच ठेवावेत. न्यूयॉर्कच्या ‘फाइव्ह पॉइंट्झ’ या इमारतीवर मालकाच्या संमतीने चित्रे होती; २०१३ साली ती एका रात्रीत पांढरी करण्यात आली. २०१८ साली न्यायालयाने २१ कलावंतांना सुमारे ६७ लाख डॉलर भरपाई दिली. कायद्याने या चित्रांची योग्यता मान्य केली. समीक्षेनेही आता रंगाच्या आधी अक्षर वाचायला शिकावे.