‘औरंगजेबाने’ : एका तृतीयेची चिकित्सा

मराठीतील ऐतिहासिक गद्य वाचताना एक पदरूप वारंवार आढळते. ते म्हणजे ‘औरंगजेबाने’. औरंगजेबाने किल्ले घेतले, औरंगजेबाने जिझिया बसविला, औरंगजेबाने राज्ये बुडविली, औरंगजेबाने संभाजी महाराजांचा वध केला. व्याकरणाच्या दृष्टीने ही सर्व वाक्ये निर्दोष आहेत. कर्ता तृतीयेत, क्रियापद कर्माला अनुसरून, असा हा सरळ कर्मणी प्रयोग होय. प्रश्न उद्भवतो तो इतिहासाच्या दृष्टीने. जवळजवळ पन्नास वर्षांच्या कारकिर्दीत, काबूलपासून कर्नाटकापर्यंत जे जे घडले, त्या सर्वांचा कर्ता एकच व्यक्ती कशी असू शकेल? प्रस्तुत लेखाचा विषय हा कर्ता आहे.

पाणिनीने कर्त्याचे लक्षण सांगताना स्वातंत्र्यावर भर दिला आहे. क्रियेच्या बाबतीत जो स्वतंत्र, तो कर्ता. त्याला प्रवृत्त करणारा जो, त्यास ‘हेतु’ ही संज्ञा मिळते. तथापि त्याचे कर्तृत्व नाहीसे होत नाही. मराठीने हा भेद प्रयोजक क्रियापदात जपला आहे. ‘केले’ आणि ‘करविले’ यांत नेमके तेच अंतर आहे. याशिवाय तिसरा एक संबंध संभवतो. क्रिया एखाद्याच्या सत्तेच्या कक्षेत घडते, पण तिचा आरंभ त्याच्याकडून होत नाही. तेथे तृतीया चालत नाही, सप्तमी लागते : ‘औरंगजेबाच्या कारकिर्दीत’. केले, करविले आणि कारकिर्दीत झाले, हे तीन संबंध वेगळे ठेवले, म्हणजे या बादशहाविषयीचे आपले पुष्कळसे लेखन नव्याने तपासता येते.

या कसोटीसाठी दूरचे उदाहरण घेण्याचे कारण नाही. ठाणे जिल्ह्यातील शेणवा, किन्हवली किंवा मुरबाड या भागातून पदव्युत्तर वर्गात येणाऱ्या विद्यार्थ्याला माहुलीचा किल्ला परिचित असतो. शहापूर तालुक्यातील या किल्ल्यावर लिहावयास बसले, की ‘औरंगजेबाने माहुली घेतली’ हे वाक्य आपोआप लेखणीतून उतरते. ते कितपत खरे आहे?

१६३६ साली शहाजीराजे माहुलीत वेढले गेले आणि त्यांनी किल्ला व निजामशाहीचा बालराजा दोन्ही स्वाधीन केली. निजामशाहीचा शेवट झाला तो येथे. त्याच वर्षी औरंगजेबाची दक्षिणेच्या सुभेदारीवर नेमणूक झाली होती. परंतु तो अठरा वर्षांच्या आसपासचा शाहजादा होता, तख्तावर शाहजहान होता, आणि वेढा चालविणारे सेनानी मोगलांचा खानजमान व आदिलशाहीचा रणदुल्लाखान हे होते. येथे औरंगजेबाच्या नावाला तृतीया लावणे ही सरळसरळ चूक ठरते. येथे सप्तमीही लागू नाही, कारण कारकीर्दच त्याची नव्हती.

१६६५ च्या जूनमध्ये पुरंदरचा तह झाला. शिवाजी महाराजांनी तेवीस किल्ले मोगलांना दिले, त्यांत माहुली होता. ही मोहीम बादशहाच्या आज्ञेने निघाली, पण ती चालविली मिर्झाराजे जयसिंगाने. तहाची बोलणी त्याने केली, अटी त्याने ठरविल्या आणि बादशहाने त्यांना मान्यता दिली. हा प्रयोजकाचा शुद्ध नमुना होय. बादशहाने माहुली घेतली नाही, घेवविली.

१६७० च्या फेब्रुवारीत मराठ्यांनी माहुलीवर रात्री दोर लावून हल्ला केला. किल्लेदार मनोहरदास गौड याने तो परतविला, आणि मराठ्यांची फार मोठी प्राणहानी झाली. बादशहा त्या वेळी उत्तरेत होता. दक्षिणेत शाहजादा मुअज्जम व दिलेरखान यांच्यात वितुष्ट आले होते. पुरेशी मदत मिळण्याची आशा न उरल्याने मनोहरदासाने किल्लेदारी सोडली आणि जूनमध्ये किल्ला मराठ्यांच्या हाती आला. या प्रसंगात बादशहाचा हात कोठे दिसतो? एक राजपूत किल्लेदार आपल्या शौर्याने किल्ला राखतो आणि सरदारांच्या भांडणामुळे तो निराधार होतो. हे सारे औरंगजेबाच्या कारकिर्दीत घडले, त्याच्याकडून नव्हे. ‘औरंगजेबाने’ म्हटले, की मनोहरदास नाहीसा होतो. आणि तो नाहीसा झाला, की त्याच्याशी प्राणपणाने लढलेल्या मराठ्यांच्या पराक्रमाचे मोजमापही नाहीसे होते.

ही केवळ एका किल्ल्याची गोष्ट नाही. अतहर अली यांनी औरंगजेबाच्या काळातील मोगल सरदारवर्गाचा जो अभ्यास १९६६ साली प्रसिद्ध केला, त्यात हजारी व त्याहून वरच्या मनसबदारांची गणना आहे. १६५८ ते १६७८ या काळात अशा ४८६ मनसबदारांत १०५ हिंदू होते व त्यांतले २७ मराठे. १६७९ ते १७०७ या काळात ५७५ पैकी १८२ हिंदू होते आणि मराठ्यांची संख्या ९६ झाली. यावरून बादशहाच्या धर्मविषयक उदारतेचा निष्कर्ष काढणे घाईचे होईल, कारण दक्षिणेतील युद्धात शत्रुपक्षाचे सरदार मनसबी देऊन फोडणे हा राजकारणाचा भाग होता. पण एक गोष्ट मात्र सिद्ध होते. ज्या काळात ‘औरंगजेबाने’ हे पद आपण सर्वाधिक वापरतो, त्याच काळात त्या पदाच्या पोटात शंभराच्या घरात मराठे सरदार सामावलेले आहेत.

मग हे पद आले कोठून? याचे उत्तर अनपेक्षित ठिकाणी सापडते. मोगल दरबारच्या फारसी तवारिखांत कोणताही विजय बादशहाच्या ‘इक्बाला’मुळे, म्हणजे त्याच्या भाग्यतेजामुळे झाला, असे लिहिण्याचा संकेत होता. साकी मुस्तैदखानाने १७१० साली पूर्ण केलेला ‘मआसिरे आलमगिरी’ हा ग्रंथ याच परंपरेतला. किल्ला कोणी का घेतलेला असेना, श्रेय सिंहासनाचे. दरबारी लेखकाने स्तुतीसाठी योजलेला हा एकमेव कर्ता आपण दोषारोपासाठी तसाच उचलला. स्तुतीचे विशेषण गळाले, निंदेचे लागले. वाक्याची रचना मात्र दरबारचीच राहिली. ज्या लेखनाला दरबारी दृष्टीचा विरोध करावयाचा आहे, त्याने दरबारचा कर्ता तपासल्याशिवाय स्वीकारावा, ही मोठी विसंगती आहे.

नावाचीही गोष्ट येथे विचारात घेतली पाहिजे. सलीमला आपण जहांगीर म्हणतो, खुर्रमला शाहजहान म्हणतो. म्हणजे ज्या बिरुदांनी त्यांनी राज्य केले, ती वापरतो. १६५८ साली ज्याने ‘आलमगीर’ हे बिरुद घेतले, त्याला मात्र आपण शाहजादेपणीच्या नावानेच ओळखतो. मरणोत्तर त्याला ‘खुल्दमकान’ म्हटले गेले. ती खूण खुल्दाबाद या ग्रामनामात उरली, पण बोलण्यात नाही. परिणाम असा, की व्यक्तीचे नाव राहिले आणि पदाचे लोपले. चरित्र आणि कारकीर्द यांत फरक करण्याचे साधनच भाषेने गमावले. सभासदाच्या काळी हे साधन शाबूत होते. त्याच्या बखरीत ‘पातशहा’ हा शब्द राज्याभिषिक्त शिवाजी महाराजांनाही लावला आहे, कारण तो सार्वभौम पदाचा वाचक होता, धर्माचा नव्हे.

ललित वाङ्मयाचा न्याय अर्थातच निराळा. ना. सं. इनामदारांनी १९७० साली याच बादशहावर कादंबरी लिहिली आणि तिला ‘शहेनशहा’ असे पदवाचक नाव दिले. कादंबरीला व्यक्ती हवी असते; साम्राज्याचा भार एका मनावर पडलेला दाखविणे हे तिचे कार्यच आहे. तेथे तृतीयेचा कर्ता योग्य आहे. इतिहासलेखन कादंबरीचा हा कर्ता उसना घेते, तेव्हा मात्र पुराव्याची जागा व्यक्तिचित्र घेते.

येथे एक आक्षेप संभवतो. तृतीया अशी वाटून टाकली, तर बादशहाची जबाबदारी हलकी होणार नाही काय? माझे मत नेमके उलट आहे. १६८९ च्या फेब्रुवारीत संगमेश्वरी संभाजी महाराजांना पकडले ते मुकर्रबखानाने. तेथे बादशहा प्रयोजक आहे. परंतु त्यांना हाल करून ठार मारण्याचा ११ मार्चचा निर्णय बादशहाचा स्वतःचा होता. १६७९ चा जिझिया त्याचा होता. १६६९ ची देवळांविषयीची आज्ञा त्याची होती. १६८२ पासून १७०७ पर्यंत दक्षिणेत ठाण मांडून आपल्या साम्राज्याचा खजिना व सैन्य झिजविण्याचा हट्टही त्याचाच होता. या ठिकाणी तृतीया अढळ आहे. सर्वत्र लावलेली तृतीया कोठेच जड होत नाही. योग्य ठिकाणीच लावली, म्हणजे तिचे वजन समजते.

या चर्चेला आज व्यवहारातही अर्थ आहे. मार्च २०२५ मध्ये खुल्दाबाद येथील याच बादशहाच्या कबरीच्या वादातून नागपुरात हिंसाचार झाला. तीनशेहून अधिक वर्षांपूर्वी मेलेल्या माणसाच्या नावाला लागलेली तृतीया आजच्या जिवंत माणसांपर्यंत पसरविली जाते, तेव्हा ती केवळ व्याकरणाची बाब राहत नाही. कर्ता कोण, हे अचूक सांगण्याची सवय नसलेल्या भाषेत दोषही भलत्यालाच चिकटतो.

म्हणून पदव्युत्तर प्रबंध लिहिणाऱ्या विद्यार्थ्यांस सुचवावेसे वाटते, की ‘औरंगजेबाने’ हे पद लिहिताना प्रत्येक वेळी तीन प्रश्न विचारावेत. त्याने केले काय? करविले काय? की त्याच्या कारकिर्दीत झाले? माहुलीवरील एका टिपणातही या प्रश्नांची तीन वेगळी उत्तरे निघतात. ती वेगळी लिहिण्यास मराठीत केले, करविले आणि झाले ही तिन्ही रूपे आहेत.