मुठीतले शिल्प

जपानी लोकांच्या पारंपरिक किमोनोला खिसा नसतो. ह्या एका उणिवेतून एक स्वतंत्र शिल्पकला जन्मास आली, हे प्रथम ऐकणाऱ्यास नवल वाटेल. तंबाखूची पिशवी, पैशांची थैली, औषधी गोळ्यांचा ‘इन्रो’ नावाचा कप्पेदार डबा, अशा नित्याच्या वस्तू तेथील पुरुष कमरेच्या ‘ओबी’ नामक पट्ट्याखाली दोरीने लटकवीत; आणि दोरी निसटू नये म्हणून तिच्या वरच्या टोकास एक गुंडी ओवून ती पट्ट्याच्या वरच्या काठावर अडकवीत. ही गुंडी म्हणजेच ‘नेत्सुके’. कनवटीला चंची बाळगणाऱ्या आपल्या वाडवडिलांना तिचे प्रयोजन समजावून सांगावे लागले नसते.

आज हीच गुंडी युरोप-अमेरिकेतील लिलावांत मोठ्या किमतीस विकली जाते आणि तोक्यो, क्योतो, लॉस एंजेलिस येथील संग्रहालयांत काचेआड विराजमान झाली आहे. ह्या बहुमानाविषयी आमची तक्रार नाही. परंतु तो ज्या कसोट्यांवर दिला जातो, त्या तपासून पाहणे अवश्य आहे. कारण संग्राहकाची कसोटी आणि कारागिराची कसोटी ह्यांत आम्हांस मोठे अंतर दिसते.

कारागिराची कसोटी वापराची होती. नेत्सुके बहुधा दीड-दोन इंचांचे, मुठीत सहज मावणारे. त्याला अणकुचीदार अवयव चालत नाही. तो रेशमात अडकेल किंवा मोडेल. दोरी ओवण्यास छिद्रे हवीत, आणि लटकल्यावर आकृती सरळ बसली पाहिजे. ते सर्व अंगांनी पाहिले जाते, म्हणून उत्तम नेत्सुकेचा वस्त्राला टेकणारा तळही काळजीपूर्वक कोरलेला असतो. उंदीर कोरावयाचा तर शेपटी अंगाभोवती वळवून घ्यावी लागते. बैल कोरावयाचा तर तो पाय पोटाशी घेऊन बसलेला हवा. कुशल कारागीर कधी कधी अवयवांमधील स्वाभाविक फटीतूनच दोरी नेतो, म्हणजे वेगळे छिद्र पाडण्याचे कारण उरत नाही. वृत्ताचे बंधन पाळणाऱ्या कवीला जे साधते, तेच येथे साधले आहे.

विषयांत आपल्या ओळखीची मंडळी भेटतात. डोळे वटारलेला ‘दारुमा’ म्हणजे भारतातून चीनमध्ये गेलेला बोधिधर्म. तांदळाच्या पोत्यांवर उभा, हाती हातोडा घेतलेला ‘दाइकोकु’ हे महाकालाचे जपानी रूप; वाद्य धारण करणारी ‘बेन्झाइतेन’ ही मूळची सरस्वती. हत्ती आणि आंधळे ह्यांची आपली कथाही नेत्सुकेत उतरली आहे. नऊ वर्षे ध्यानस्थ बसल्याची ज्याची ख्याती, तो दारुमा येथे हात ताणून आळस देताना, जांभई देताना दिसतो. देवळाच्या शिस्तीत वाढलेल्या वाचकास प्रश्न पडेल, की देव आणि सत्पुरुष तंबाखूच्या पिशवीस बांधणे औचित्यास धरून आहे काय? आमच्या मते ही अवहेलना नाही, सलगी आहे. आपल्या संतांनीही विठ्ठलाशी भांडण मांडले आणि त्यास भक्तांच्या घरी राबताना पाहिले. मात्र संतांची सलगी भक्तीच्या उमाळ्यातून आली, तर जपानी कारागिराची बऱ्याच अंशी नगरवासीयांच्या विनोदबुद्धीतून. हा भेद विसरू नये.

१८६८ साली तोकुगावा राजवट संपली, पाश्चात्य पोशाख आला आणि त्याबरोबर खिसाही आला. गुंडीचे काम संपले. जुनी नेत्सुके युरोप-अमेरिकेकडे वाहू लागली, आणि कारागीर परदेशी गिऱ्हाइकांसाठी मांडणीवर ठेवावयाच्या ‘ओकिमोनो’ मूर्ती घडवू लागले. त्यांतील हस्तकौशल्य थक्क करणारे आहे. तथापि त्यांपैकी पुष्कळांत बंधन सुटल्याबरोबर तपशिलांची गर्दी झाली, असे आम्हांस वाटते.

संग्राहक प्रथम पाहतो ती सही. वस्तुतः सहीचा पुरावा येथे फार दुर्बळ आहे. १७८१ साली ओसाका येथे प्रसिद्ध झालेल्या ‘सोकेन किशो’ ह्या मुख्यतः तलवारीच्या साजावरील ग्रंथात पन्नासांहून अधिक नेत्सुकेकारांची नोंद आहे. त्यातच क्योतोच्या तोमोतादाच्या नकला पुष्कळ होत असल्याचे म्हटले आहे. उलट ओसाकाचा चित्रकार योशिमुरा शूझान आपल्या रंगविलेल्या लाकडी नेत्सुकेंवर नावच घालीत नसे. ज्या दस्तऐवजावरील सही दोनशे वर्षांपासून संशयास्पद आहे, तो कोणतेही न्यायालय अन्य पुराव्यावाचून ग्राह्य मानणार नाही. येथे तो अन्य पुरावा म्हणजे खुद्द कोरीवकाम.

दुसरी भूल हस्तिदंताची. १९८९ साली आंतरराष्ट्रीय कराराने आफ्रिकी हस्तिदंताच्या व्यापारावर बंदी घालण्याचे ठरले. भारतात १९७२च्या वन्यजीव संरक्षण अधिनियमात १९८६ व १९९१ साली दुरुस्त्या होऊन हा व्यापार बंद झाला. २००३ साली सर्वोच्च न्यायालयाने नामशेष झालेल्या मॅमथच्या दातांसही ही बंदी लागू केली. ब्रिटनचा २०१८चा कायदा मोजके अपवाद ठेवून २०२२ पासून अंमलात आहे. ह्या कायद्यांनी कलेचा गळा घोटला, अशी ओरड ऐकू येते. ती आम्हांस मान्य नाही. त्सुगे झाडाचे घट्ट पोताचे लाकूड, हरणाचे शिंग, अक्रोडाचे कवच ह्यांत प्रथम प्रतीचे काम झालेले आहे, आणि आजचे जपानी कारागीरही लाकडात उत्तम नेत्सुके घडवीत आहेत. जुनी हस्तिदंती नेत्सुके जपावीत, नष्ट करू नयेत; पण त्यांच्या किमतीच्या लोभाने आज एकही हत्ती पडणार असेल, तर ती रसिकता महाग पडली असेच म्हणावे लागेल.

तिसरी भूल काचेच्या कपाटाची. वर्षानुवर्षांच्या स्पर्शाने नेत्सुकेचे उंचवटे मऊ होतात, रंग गडद होतो. ह्या झिजेस जपानी जाणकार ‘नारे’ म्हणतात आणि तिचे मोल मानतात. गंध उगाळून मध्ये खोलगट झालेली सहाण ज्यांच्या देवघरात आहे, त्यांस हे सौंदर्य निराळे शिकवावे लागणार नाही. एडमंड द वाल ह्यांच्या २०१० साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात पॅरिसमध्ये जमविलेल्या २६४ नेत्सुकेंची कथा आहे. व्हिएन्नातील एफ्रुसी कुटुंबात आईच्या प्रसाधनकक्षात मुले त्यांच्याशी खेळत. १९३८ साली नाझींनी त्या ज्यू घराण्याची मालमत्ता लुटली, तेव्हा आना नावाच्या दासीने ती नेत्सुके थोडी थोडी करून नेली आणि आपल्या गादीत लपविली. मोठी चित्रे गेली, प्रासाद गेला. मुठीत मावणारे तेवढे वाचले. लटकविण्यासाठी घडलेल्या ह्या वस्तूंचा आटोपशीरपणा अखेरीस त्यांच्या रक्षणास उपयोगी पडला.

यास्तव नेत्सुके जमविणाऱ्यास आमचे सांगणे एवढेच, की सही वाचण्यापूर्वी आणि किंमत विचारण्यापूर्वी ते तळहातावर घ्यावे, डोळे मिटून बोटांनी फिरवावे, तळाकडे पाहावे, दोरीची वाट शोधावी. जे बोटांस टोचते, ते कमरेवर नांदले नसते. आणि संग्रहालयांनीही निदान एखादे साधे, नव्या हातांनी कोरलेले नेत्सुके काचेबाहेर ठेवून येणाऱ्याजाणाऱ्यांस हाती घेऊ द्यावे. कपाटातील बाकीची मग त्यांस अधिक नीट दिसतील.