घटिका, बाहुला आणि ‘ग्राम्य’ हा शब्द

ब्रह्मगुप्ताच्या ‘ब्राह्मस्फुटसिद्धान्ता’त (इ. स. ६२८) यंत्रांवर एक स्वतंत्र अध्याय आहे. त्यात एक पोकळ माणूस भेटतो. नळकांड्यातले पाणी तळाच्या छिद्रातून उतरू लागले, की त्यावर तरंगणारा भोपळा खाली जातो आणि त्याला बांधलेली पट्टी या बाहुल्याच्या तोंडातून हळूहळू बाहेर येते. पट्टीवर घटिकांच्या खुणा. पुढे तर पट्टी नवऱ्याच्या तोंडातून निघून नवरीच्या तोंडात शिरते, मोर साप गिळतो. गणिताचा ग्रंथ पाहता पाहता जत्रेत शिरतो.

शास्त्राचे इतिहासकार यांची नोंद ‘जलयंत्रे’ म्हणून करतात. ती बरोबरच आहे. पण मला ही पात्रे वाटतात, आणि कोणत्याही पात्राबद्दल विचारावे तो प्रश्न यांच्याबद्दलही विचारावासा वाटतो : हा बाहुला कोणाच्या जागी उभा आहे?

उत्तर घटिकापात्रापाशी सापडते. तळाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडायची. ती २४ मिनिटांत भरून बुडते. अहोरात्रात ६० वेळा. आणि साठही वेळा कोणीतरी ती उचलायची, रिकामी करायची, पुन्हा सोडायची. लग्नघरात घंगाळाशेजारी बसलेल्या जोशीबुवांचे काम ते हेच. त्यांना डुलकी परवडत नाही. बाहुल्याची कल्पना म्हणजे या जागत्या माणसाला गोष्टीतून वगळण्याचा प्रयत्न आहे. तो साधलेला मात्र नाही. ब्रह्मगुप्ताचा बाहुला वेळ दाखवतो. नळकांडे रिकामे झाले की तो गप्प उभा राहतो.

लीलावतीची आख्यायिका मी याच अंगाने वाचतो. फैजीने १५८७ मध्ये ‘लीलावती’चे फारसी भाषांतर केले, त्यात ती येते. वाकून पाहणाऱ्या मुलीच्या वस्त्रातला मोती घटिकापात्रात पडतो, छिद्र बुजते, मुहूर्त टळतो. आपण ही गोष्ट नशिबाची म्हणून सांगतो. मला ती घंगाळाशेजारी कोणी नसल्याची वाटते.

खुद्द भास्कराचार्यांना असल्या यंत्रांचे कौतुक नव्हते. ‘सिद्धान्तशिरोमणी’त (११५०) ते पाऱ्याने भरलेल्या आऱ्यांचे, आपोआप फिरणारे चक्र सांगतात खरे, पण लल्ल वगैरेंच्या स्वयंवह यंत्राला ते ‘ग्राम्य’ ठरवतात. कारण देतात : ते सापेक्ष आहे, म्हणजे बाहेरच्या कशावर तरी अवलंबून आहे. शेवटी तर अशी यंत्रे ही कुहकविद्या, गारुड्याचा खेळ. गोलाशी यांचा संबंध नाही, पूर्वसूरींनी सांगितली म्हणून मीही सांगितली, असे म्हणून मोकळे होतात. परंपरेतली गोष्ट नोंदवून तिच्यावरच असा शेरा मारणे ही अस्सल समीक्षा आहे. प्राचीन यंत्रविद्येचे गोडवे गाणारे हा शेरा सहसा सोडून देतात.

तरी ‘ग्राम्य’ या शब्दाशी मी अडतो. काव्यशास्त्रातला ग्राम्यता हा दोष मला ठाऊक आहे आणि भास्कराचार्यांना खेड्याची निंदा करायची नव्हती, हेही. पण मी पणदऱ्यात बसून वाचतो. नीरा डाव्या कालव्याच्या या पट्ट्यात पाण्याचे कोणतेही काम सापेक्षच असते. पाटकऱ्याने पाणी सोडायचे, आणि रात्री उसात दारं धरणाऱ्याने वाफा भरला की ते मोडून पुढच्या वाफ्याला लावायचे. त्याला झोप लागली तर पाणी रस्त्यावर. घटिकेशेजारचा माणूस तो हाच. यंत्र माणसावर अवलंबून आहे हा इथे दोष कसा ठरेल? दोष असलाच, तर तो माणूस लपवण्यात आहे, आणि तिथे भास्कराचार्यांचा ‘कुहक’ हा शब्द मला ‘ग्राम्य’पेक्षा फार नेमका वाटतो.

बाहुल्याकडून खरोखर राखणीचे काम करून घेतले ते अल्-जझारीने. त्याचा ग्रंथ १२०६ चा. त्यातल्या हत्तीच्या घड्याळात, हत्तीच्या पोटात आपल्या घटिकापात्रासारखीच वाटी आहे. अर्ध्या तासाने ती बुडते, त्यासरशी वरून एक गोळी सुटून सापाच्या तोंडात पडते. साप वजनाने खाली झुकतो आणि झुकताना दोरीने वाटी पाण्याबाहेर ओढतो. जोशीबुवांची जागा अखेर भरली! मात्र गोळ्या संपल्या की त्या पुन्हा वर नेऊन ठेवायला माणूस लागतोच.

त्याच सुमाराचा, शके ११२८ चा, चाळीसगावजवळच्या पाटणचा शिलालेख भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याचा तो लेख. त्याचा शेवटचा भाग मराठीत आहे, आणि तिथे भाषा एकदम बाजाराची होते : विकल्या जाणाऱ्या मालावर किती, सुपारीवर किती, आणि तेल्यांनी दर घाण्यामागे मठाच्या मापाने किती तेल घालायचे.