कोट, लॉटरी आणि शिट्टी : रने क्लेरचा ‘ल मिल्याँ’

रने क्लेरच्या ‘ल मिल्याँ’ (१९३१) या चित्रपटाची ओळख बहुधा ‘हलकीफुलकी संगीतिका’ एवढ्यावर संपते. ही ओळख मला अपुरी वाटते.

मूकपटांत नाव मिळवलेला क्लेर बोलपटाविषयी साशंक होता. दिसते तेच पुन्हा ऐकवले, तर सिनेमा म्हणजे चित्रित नाटक होईल, ही त्याची भीती. गंमत अशी, की त्या भीतीला उत्तर देण्यासाठी त्याने रंगभूमीवरचेच एक प्रहसन निवडले.

कर्जात बुडालेल्या मिशेल या चित्रकाराला लॉटरी लागते. तिकीट मात्र जुन्या कोटाच्या खिशात, आणि तो कोट त्याच्या प्रेयसीने, बेआत्रिसने, पोलिसांपासून पळणाऱ्या एकाला देऊन टाकलेला. पुढे तो जुन्या कपड्यांच्या दुकानातून ऑपेरातल्या गायकाकडे पोचतो. तिथे कोटासाठी झोंबाझोंबी सुरू होते, आणि कानांवर येतात रग्बीच्या सामन्यातली शिट्टी आणि गर्दीचा जल्लोष. माणसांचा खरा आरडाओरडा ऐकवला असता, तर ती नुसती मारामारी झाली असती. या उसन्या आवाजाने हाव हाच एक खेळ होतो.

दुसरा प्रसंग याहून सूक्ष्म आहे. रंगमंचावर एकमेकांशी न पटणारे दोन स्थूल गायक प्रेमगीत गात आहेत. नेपथ्याआड अडकलेले मिशेल आणि बेआत्रिस गप्प आहेत. गाणे खोटे, पण हळूहळू ते त्या दोघांचे होते. अनेकांना इथे ऑपेराची थट्टा दिसते. मला वाटते, थट्टा करता करता क्लेर त्या कृत्रिमतेचे ऋणही मान्य करतो.

१९३१ हेच ‘आलम आरा’चे वर्ष, पुढच्या वर्षी ‘अयोध्येचा राजा’ आला. आपल्या बोलपटाने गाणे रंगभूमीकडून घेतले, आणि संगीत नाटकात पद सुरू झाले की कथानक बहुधा थबकते. क्लेरकडे गाणेच कथानकाला पळवते.

त्याची पात्रे बाहुल्यांसारखी राहतात, हा आक्षेप खरा आहे. पण मिशेलच्या मागे लागलेले दूधवाले, खाटीक, वाणी लॉटरीची बातमी येताच त्याच्यासाठी कोरसमध्ये गातात आणि शेवटी त्याच्याच घरी नाचतात. त्या फेरात आनंद आहे आणि वसूल होणारी उधारीही आहे. मंदीच्या काळातल्या या विनोदाला म्हणूनच मी हलका म्हणणार नाही.